पहिल्या वर्षाचा सतरावा अंक

महाडच्या 'घाटमुख' साप्ताहिकाला एकोणीसशे एकतीस साली दहा वर्षं भरली, आणि संपादक मुरारीपंतांनी पत्राचा इतिहास लिहायला घेतला. फाईल काढली तर काय, पहिल्या वर्षाचा सतरावा अंकच गायब! पोलादपूरच्या रंगूबाईंचे यजमान पहिल्यापासूनचे वर्गणीदार, त्यांच्याकडे नक्की असेल, असं म्हणून पंतांनी महिपतीला सकाळच्या मोटारीने धाडलं.

महिपती म्हणजे छापखान्याचा जुळारी, शिशाचे खिळे एकेक उचलून ओळी जुळवणारा. गडी जवळच्या तुडील गावचा, स्वभावाने आनंदी. त्यातून त्याच दिवशी धाकटा भाऊ रायबा दोन वर्षांनी मुंबईहून शिमग्याला येणार होता, दासगाव बंदरात दुपारी लागणाऱ्या पडावाने, म्हणजे शिडाच्या होडीने. स्वारी नुसती हवेत!

रंगूबाईंनी पेटीतून अंक काढून दिला. "यातली शेवटची बातमी यजमानांनी दोनदा वाचली होती," त्या म्हणाल्या. "त्या साली तर कुणी बुडालं नव्हतं... म्हणून ध्यानात राहिली."

महिपतीने ओसरीवरच वाचली. 'तुडीलचा रायबा शिमग्यास घरी येताना दासगाव बंदराजवळ पडावातून पडून बुडाला.'

अंक दहा वर्षांपूर्वीचा. तेव्हा रायबा अकरा वर्षांचा, गुरं राखत होता! बरं, दुसरा रायबा म्हणावा, तर नावातल्या 'र'ची शेपटी तुटलेली. तो खिळा गेल्या महिन्यात मुंबईहून नवा आलेला, आणि महिपतीच्याच हातून फरशीवर पडून तुटलेला. जुळाऱ्याला आपला खिळा ओळखू येतो हो, गुराख्याला आपली गाय यावी तसा. म्हणजे ही बातमी त्यानेच जुळवलेली? कधी? त्याचं डोकंच चालेना.

तो महाडला परतला तेव्हा पंतांनी अंक उलटसुलट पाहिला. "अरे, खिळे काय जगात तुझ्याकडेच तुटतात? भलतंच मनात आणू नकोस."

तार करावी तर रायबा कधीच निघालेला. मग महिपतीच्या मनाने एक खूळ घेतलं. हा खिळाच नसला, तर ही बातमी छापणार कशी? त्याने खणातून तुटका 'र' उचलला, तडक दासगाव गाठलं आणि धक्क्यावर उभं राहून खिळा खाडीत भिरकावला. बुळुक! त्याला जरा बरं वाटलं.

घटकाभराने पडाव लागला. चाकरमानी उतरले, बोचकी उतरली. रायबा नाही!

"तुडीलचा?" महिपतीने विचारताच पडावाचा तांडेल बावचळला. "चढला व्हता की... हितंच बसला व्हता. आताच माणसं मोजली, तर एक कमी... उतरला कुठं?"

सगळ्यांनी काठ धुंडाळला, पाण्यात गळ टाकले, काही लागेना. माणसं शोधत राहिली, म्हणाली, मधेच कुठे उतरला असेल, तू घरी जाऊन बघ. उन्हं कलता कलता महिपती तुडीलला पोचला. आईला काय सांगायचं?

आई, बनुबाई, अंगणात धोतर पिळत होती. चेहरा फुललेला.

"आला रे तुझा भाव! दुपारीच आला, पायी. आत बसलाय."

महिपतीला रडूच फुटलं. देवा रे, वाचवलंस! त्याने तिथूनच अंगणातल्या तुळशीला हात जोडले.

"पन भिजून आला," आई पुटपुटली. "हे तिसरं धोतर. सुकं दिलं का घटकेत ओलं व्हतंय... मला कायच कळत नाय. आनी ह्ये बग, त्याच्या खिशात गावलं."

तिने मूठ उघडली. तळहातावर शिशाचा खिळा होता, तुटक्या शेपटीचा.

आतल्या अंधारातून रायबाचा आवाज आला, नेहमीसारखाच, मायेचा.

"दादा, आलास? धक्क्यावर दिसला व्हतास मला. हाक मारली, पन तुला ऐकू गेली नाय... तू टाकलंस ते खाली माज्याजवळच येऊन पडलं. तुजं हाय म्हनून घेऊन आलो."

उंबऱ्याखालून पाण्याचा ओघळ अंगणात येत होता. आईने चौथं धोतर उचललं आणि ती आत गेली.