चौकशीचा माणूस

"तिसऱ्यांदा डोळे मिटलेत तुम्ही," कॅमेऱ्यामागून आवाज आला. "टॅक्सीही झोपेतच चालवणार का?"

जगदीश खुर्चीतल्या खुर्चीत आक्रसला. टॅक्सीच्या बिल्ल्यासाठी अर्जासोबत फोटोच्या तीन प्रती हव्या होत्या, म्हणून तो दादरच्या त्या चिमुकल्या स्टुडिओत शिरला होता. फोटो काढायला एखादी मुलगी उभी असेल, हे त्याच्या स्वप्नातही नव्हते. मामा बाहेर गेले की त्यांचा स्टुडिओ सांभाळणारी बकुळा पुढे आली आणि फूटपट्टीच्या टोकाने तिने त्याची हनुवटी अलगद वर केली. तो श्वास घ्यायचाच विसरला.

"माझ्याकडे नाही, त्या कॅलेंडरकडे बघा."

"तिकडे... काही दिसतच नाही."

"मग डोळ्यांच्या तपासणीत नापास व्हाल हं!"

फोटो झाला. प्रती न्यायला तो एकदा आला, मग काही कारण नसताना पुष्कळदा. गिरगावातल्या एका डॉक्टरांची गाडी तो चालवीत असे. बिल्ला छातीवर लागला की स्वतःची टॅक्सी, आणि मगच बकुळेच्या वडिलांसमोर उभे राहायचे, असे त्याने मनाशी ठरवले होते. डोळ्यांची तपासणी झाली, गाडी चालवण्याची परीक्षाही झाली. उरली होती ती फक्त वर्तणुकीची पोलीस चौकशी.

वैशाखातल्या एका सोमवारी तो स्टुडिओत आला, तेव्हा बकुळा हसली नाही.

"मी घरी तुमचं नाव काढलं, आणि बाबा काल लालबागला तुमच्या चाळीत गेले होते."

"मला... न सांगता?"

"मुलाची चौकशी मुलाला सांगून करतात होय?" तिने फूटपट्टी टेबलावर आपटली. "ते नको म्हणाले. दीड वर्षामागे फाऊंटनला गोळ्या सुटल्या, त्या दिवशी तुम्ही गोधडीत होतात म्हणे. संयुक्त महाराष्ट्राचं नाव काढलं की तुम्हाला घाम फुटतो, असं तुमच्या शेजारच्या रखमामावशीच म्हणाल्या. बाबा सत्याग्रहात तीन महिने तुरुंग भोगून आलेत. म्हणाले, असल्या शेळपटाला मुलगी देऊ?"

जगदीश मटकन त्याच खुर्चीत बसला.

"हे... हे मीच शिकवलं होतं त्यांना."

"काय?"

"बिल्ल्याच्या चौकशीला साध्या वेशातला पोलीस येणार होता, आणि चळवळीचा वास आला तरी बिल्ला अडकतो. असले पोलीस हटकून छत्री घेऊन फिरतात म्हणे. कुणी परका माणूस छत्री घेऊन येईल आणि माझ्याविषयी विचारील, त्याला एवढंच सांगा, असं मी घरोघर जाऊन बजावलं होतं."

"बाबांकडे छत्री होती," बकुळा पुटपुटली. मग एकटक त्याच्याकडे बघत राहिली. "खरं काय? कुठे होतात त्या दिवशी?"

"फाऊंटनला. डॉक्टरांच्या गाडीत. मागच्या सीटवर दोन जखमी होते... इस्पितळ येईपर्यंत त्यातला एकच कण्हत होता."

तिने त्याच्या बाहीला नुसता हात लावला. "हे बाबांना सांगा. तुम्हीच."

त्याने सांगितले. बकुळेच्या वडिलांनी, बुधाजींनी, शांतपणे ऐकून घेतले आणि म्हणाले, "सारी चाळ खोटी आणि तू एकटा खरा? चल, त्यांच्यादेखत बोल."

रविवारी सकाळी बकुळेला बरोबर घेऊन ते चाळीचा जिना चढले. गॅलरीत शेजारच्या सीतारामकाकांच्या दाराशी एक परका माणूस बशीतून चहा पीत बसला होता. त्याच्या मांडीवर उघडी वही होती.

"पोरगा म्हणजे गाय हो, साहेब!" सीतारामकाका रंगात आले होते. "त्या दिवशी तर गोधडीतून नाकसुद्धा..."

जगदीशसोबत तो मागच्या रविवारचा छत्रीवाला पाहताच त्यांनी वाक्य अर्धवटच गिळले. रखमामावशी दारामागून जगदीशला हातवारे करीत कुजबुजली, "मेल्या, गप रव! खरो पोलीस तो!"

एका बाजूला वही, दुसऱ्या बाजूला बुधाजी — आणि त्यांच्या मागे, कठडा घट्ट धरून, बकुळा. आत्ता नुसते गप्प राहिले तरी बिल्ला हातात होता.

"काका खोटं बोलतायत," तो म्हणाला. स्वतःचाच आवाज त्याला परका वाटला. "मी फाऊंटनला होतो. दोन जखमींना गाडीतून नेलं. मालकांना न विचारता."

सीतारामकाकांनी कपाळावर हात मारला. पोलिसाने बशी खाली ठेवली, पेन्सिल उचलली आणि सावकाश, ओळीमागून ओळ लिहीत गेला. मग मान वर न करताच त्याने बुधाजींना विचारले, "आणि तुम्ही? याचे कोण?"

बुधाजींनी छत्री एका हातातून दुसऱ्या हातात घेतली.

"सासरा."

मावशीने तोंडाला पदर लावला.

"नाव बुधाजी," ते ताठ मानेने पुढे म्हणाले. "तीन महिने तुरुंगात होतो. तेही लिहा."

"अहो, त्यानं पोराचा बिल्ला अडकेल," पोलीस चकित होऊन म्हणाला.

"अडकू दे. पुन्हा अर्ज करील."

पोलिसाने पेन्सिल रोखून जगदीशकडे पाहिले. "सासरा म्हणतायत. खरं का हे?"

पोलिसाच्या प्रत्येक प्रश्नाचे उत्तर जगदीशने महिनाभर घोकून ठेवले होते. हे एकच त्याला ठाऊक नव्हते. त्याने असहायपणे बकुळेकडे पाहिले. ती लाजेने लाल झाली होती, पण तिने नजर खाली घातली नाही.

"खरं आहे," ती पोलिसाला म्हणाली. "लिहा."