परळातलं भोक

बेनिग्नाच्या धाकट्या लेकीचं, क्लेमेन्सियाचं लग्न ठरलं ते १९८७ साल. पाद्रीबुवांनी तारीखही दिली होती, नऊ मे, शनिवार. त्याच वर्षी होलबाक गावाच्या दक्षिणेला, मक्याच्या रानांपलीकडे, मेरिदा शहरातल्या विद्यापीठाच्या लोकांनी जुन्या वस्तीची खणती काढली होती. तिथे देवळं नव्हती की राजवाडे नव्हते. साध्या माणसांची घरं होती. चुली, पाटे, उकिरडे, आणि जमिनीखाली पुरलेली घरचीच माणसं.

बेनिग्ना पिढ्यान्‌पिढ्यांची कुंभारीण. खणतीत निघालेल्या खापऱ्या जुळवायचं काम तिच्याकडे होतं. तिच्या परसातली ताडाच्या पानांनी शाकारलेली खोपी खणतीवाल्यांनी त्यासाठीच भाड्यानं घेतली होती. आत लांब फळ्या, फळ्यांवर चिठ्ठ्या लावलेले ट्रे, आणि जोडलेली भांडी सुकवायला वाळूची एक मोठी पेटी.

घरात तिचा नवरा इसाउरो दोरीच्या विणलेल्या झुल्यात पडून होता. चुनाभट्टीवर तीस वर्षं काढलेला माणूस. छातीत चुनाच भरला होता. इस्पितळानं परत पाठवलं तेव्हा डॉक्टरनं तिला बाजूला घेऊन सांगितलं, "आठवडा. फार तर दहा दिवस." इसाउरोचा खोकला सुक्या भोपळ्यात बिया वाजाव्यात तसा होता. तीन घरांपलीकडेही ओळखू यायचा.

बाप गेला तर वर्षभर लग्न नाही, ही गावाची रीत. आणि क्लेमेन्सियाला चौथा महिना लागलेला होता. हे फक्त तिला आणि आईला ठाऊक होतं.

खणतीवरचा मुकादम तिबुर्सिओ हा होणारा व्याही. इसाउरोचा लहानपणापासूनचा मित्र. रोज दुपारी तो खापऱ्यांचा ट्रे घेऊन यायचा आणि झुल्यापाशी टेकायचा.

"उठ रे लंगड्या घोड्या," तो म्हणायचा. "लग्नात माझ्याबरोबर नाचणार कोण?"

"तुझ्याबरोबर नाचण्यापेक्षा मेलेलं बरं," इसाउरो म्हणायचा, आणि मग खोकायचा.

इसाउरो डावखुरा. तरुणपणी गावाच्या संघात बेसबॉलचा गोलंदाज होता. त्याचं नाक डावीकडे वाकलेलं होतं, ते तिबुर्सिओच्या फटक्यानं. "नाक मी मोडलं, म्हणून भरपाईला पोरगा देतोय," असं तिबुर्सिओ साऱ्या गावाला सांगत फिरायचा.

एप्रिलच्या मध्यात एक परळ आलं, मातीची पसरट थाळी. अकरा तुकडे. उथळ, बोटभर जाड, आतून तांबडं. एका घराच्या जमिनीखाली निजवलेल्या माणसाच्या चेहऱ्यावर ते पालथं घातलेलं होतं. खणतीच्या प्रमुख रेबेकाबाई स्वतः ते घेऊन आल्या. वयानं लहान, पण गाव त्यांना मास्तरीणबाई म्हणायचं.

"मावशी, मी तीन आठवडे मेरिदाला चाललेय. हे तेवढं जोडून ठेवा. मधे भोक आहे बघा, ते तसंच राहू द्या."

"तुकडा हरवलाय का त्याचा?"

"नाही, ते मुद्दाम पाडलेलं आहे. आल्यावर सांगते." बाहेर जीपचा भोंगा वाजत होता. बाई निघून गेल्या.

एकविसाव्या तारखेला, मंगळवारी, परळ जोडून झालं. अकरा तुकडे नीट बसले. मधोमध मात्र अंगठ्याएवढं भोक. बेनिग्नाच्या आईनं तिला चाकाआधी एक गोष्ट शिकवली होती: भोकाचं भांडं घरात ठेवू नये, घरातलं माणूस गळतं. घरातल्या बाईनं भांडं फुटलेलं पाहिलं की एक तर ते बुजवायचं, नाही तर वेशीबाहेर टाकायचं. हे टाकता येणारं नव्हतं.

घरात इसाउरो तीन दिवस काही गिळत नव्हता. तिनं पांढरी माती भिजवली, चिमूटभर वाळू घातली, परळ पेटीतल्या वाळूवर पालथं ठेवलं आणि भोक बुजवलं. अंगठा फिरवून वरून गुळगुळीत केलं. सवयच ती. भर दुपार होती, अंगणात कोंबड्या उकरत होत्या.

हात धुऊन ती घरात आली तर खोकला थांबलेला.

इसाउरो झुल्यात उठून बसला होता. पाय जमिनीवर.

"पेज," तो म्हणाला.

तिनं मक्याची पेज दिली, साखर घालून, त्याला आवडायची तशी. त्यानं एक घोट घेतला आणि थुंकला. मग तिनं बिनसाखरेची दिली. ती त्यानं तळापर्यंत प्यायली. वाटी त्याच्या उजव्या हातात होती.

संध्याकाळपर्यंत गावात बातमी पसरली. क्लेमेन्सिया रडली, हसली, मेणबत्ती लावून आली. डॉक्टर म्हणाला, असं कधी कधी होतं, दिवा जाण्याआधी मोठा होतो. पण चार दिवस झाले, आठ झाले, दिवा मोठाच राहिला. इसाउरो चालू लागला. खोकला नावालाही उरला नाही.

झुल्यात मात्र तो परत निजला नाही. जमिनीवर चटई टाकून निजायचा. कोंबड्यांकडे टक लावून बघत बसायचा; एकदा एकीला धरून पंख उलगडून पाहिले आणि सोडून दिली. शेजारच्या टर्कीकडे मात्र ढुंकून पाहिलं नाही. डुकराचं मटण पुढे केलं की ताट सरकवायचा. बोलायचा फार थोडं, आणि तिचं नाव एकदाही घेतलं नाही.

एका सकाळी त्यानं विचारलं, "पाटा वाजत का नाही?"

"अहो, गिरणी आहे की. वीस वर्षं झाली. विसरलात?"

तो उठून अंगणात गेला.

"आजारातनं उठलेलं माणूस," शेजारणी म्हणाल्या. "जीव वाचला हे काय कमी?"

बेनिग्नानंही स्वतःला तेच सांगितलं. मग एक दिवस ती खोपीत गेली तर तो ट्रेपाशी उकिडवा बसलेला. खणतीत निघालेलं काळ्या काचेच्या दगडाचं पातं त्याच्या उजव्या हातात होतं, आणि त्या पात्यानं तो दाढी करत होता. आरसा नव्हता. बोटांनी गाल ताणत, सराईतपणे, रक्ताचा टिपूसही न काढता. इसाउरोला न्हाव्याच्या वस्तऱ्याचीसुद्धा भीती वाटायची.

चार मेच्या दुपारी तिबुर्सिओ आला. नेहमीसारखा झुल्यापाशी न टेकता अंगणातच उभा राहिला.

"विहीणबाई, हा आज खणतीवर आला होता."

"मग?"

"ते परळ निघालं त्या घराची चूल आम्ही आठ दिवस शोधतोय. यानं पाय आपटला. म्हणाला, इथे. दोन हात खाली चुलीचे तिन्ही दगड निघाले. काजळी तशीच." तिबुर्सिओनं टोपी काढून पुसली. "मी म्हटलं, काय रे, डावऱ्या, जादू शिकलास? तर माझ्याकडे असं बघितलं, जसं मी... जसं मी त्या घरात पाहुणा."

"बरा झालाय ना? मग झालं."

"ते परळ जोडलं का? मास्तरीणबाई शनिवारी लग्नाला येणार आहेत, रविवारी घेऊन जाणार."

"जोडलं. भोक होतं, ते बुजवलं."

तिबुर्सिओनं टोपी पुन्हा डोक्यावर घातली.

"बुजवलंत? अहो, पूर्वीची माणसं पुरताना भांडं मारायची. मुद्दाम भोक पाडून. मेलेल्याचा श्वास त्यातून जावा म्हणून. मागच्या खणतीत मास्तरीणबाईंनीच सांगितलं होतं." तो खोपीकडे बघत राहिला. "पण आपण कुठं तसलं मानतो."

"नाहीच मानत," बेनिग्ना म्हणाली.

दोघंही खोपीकडे गेली नाहीत.

गुरुवारी ती लग्नासाठी अंगणात मसाला भाजत होती. ऊन डोक्यावर. बाया बाजारात गेलेल्या. तो समोर झाडाखाली बसून सुतळी वळत होता, उजव्या मांडीवर, तोंड मिटून.

खोपीतून खोकला आला.

सुक्या भोपळ्यात बिया वाजाव्यात तसा.

तिनं त्याच्याकडे पाहिलं. त्याचा हात थांबला होता. पण त्यानं मान वर केली नाही.

ती खोपीत गेली. आत कुणी नव्हतं. मे महिन्यात गावाच्या विहिरीचे दोरसुद्धा कोरडे असतात, पण परळाच्या पाठीवर ठिकठिकाणी दव साचलं होतं. सांध्यांमधून थेंब डोकावत होते. तिनं हात ठेवला. परळ कोमट होतं. थोडं गार झालं. पुन्हा कोमट.

तिनं ते दोन्ही हातांनी उचललं.

खालच्या वाळूत चेहरा उमटलेला होता. मिटलेल्या पापण्या, गालफडं, उघडं तोंड. डावीकडे वाकलेलं नाक.

बाहेर सुतळी वळल्याचा आवाज पुन्हा सुरू झाला होता.

बेनिग्ना किती वेळ उभी राहिली, तिला कळलं नाही. भोकावरची माती कच्चीच होती. अंगठा दाबला असता तर पडली असती. तिनं अंगठा ठेवलाही.

मग तिला क्लेमेन्सियाचा झगा आठवला, कमरेपाशी दोनदा सैल केलेला.

"अहो," ती वाळूकडे वाकून म्हणाली. "दोन दिवस. पोरीसाठी. फक्त दोनच दिवस."

आणि परळ होतं तसं पालथं ठेवलं.

आतून एकदा खोकला आला. मग आला नाही.

लग्न चांगलं झालं. बाप लेकीचा हात धरून चर्चमध्ये चालत गेला, उजव्या बाजूनं. पाद्रीबुवांनी पाणी शिंपडलं तेव्हा त्यानं कपाळ पुसलं. काळ्या मसाल्यातली टर्की त्यानं तीनदा मागून घेतली. बायका म्हणाल्या, बघा, माणसाची भूक परतली. वाजंत्री सुरू झाली. तिबुर्सिओ नाचला, एकटाच.

रविवारी दुपारी जावयाकडची मंडळी गेली. रेबेकाबाई चार वाजता परळ न्यायला येणार होत्या. तीन वाजता बेनिग्ना खोपीकडे निघाली.

तो दारातच बसला होता. चटईवर, मांडी घालून.

तिनं त्याला ओलांडलं. त्यानं अडवलं नाही.

परळ आता गार होतं. तिनं अंगठा भोकावर ठेवला.

तो मान वळवून बघत होता. इसाउरोचाच चेहरा, इसाउरोचेच डोळे. त्यात राग नव्हता. दमलेला होता, एवढंच.

"पुन्हा?" तो म्हणाला.

तिनं दाबलं.

माती पडली. वाळूवर हलकासा आवाज झाला. मग भोकातून वारा आला, एकदा, लांब, तिच्या मनगटावरची लव हलण्याइतका. त्यापाठोपाठ दुसरा.

दोन होते. तिनं मोजले.

वळून पाहिलं तेव्हा तो चटईवर कलंडला होता.

रेबेकाबाई आल्या तेव्हा बायका त्याला धूत होत्या. दफनापर्यंत त्या थांबल्या, पण परळ नेलं नाही. बेनिग्नानं ते शवपेटीत त्याच्या चेहऱ्यावर पालथं घातलं होतं, आणि तिबुर्सिओ शवपेटीशी असा उभा होता की त्यांना विचारवलं नाही. वाळूची पेटी नंतर तिनं स्वतः उपसली. वाळू सपाट होती.

कबरीवरच्या क्रुसावर तिनं जी तारीख कोरून घेतली ती चुकीची आहे, असं गाव अजून म्हणतं. बाईचं डोकं दुःखानं फिरलं, म्हणतात. तिनं ती बदलू दिली नाही. इसाउरो कानुल मंगळवारी, २१ एप्रिल १९८७ रोजी, भर दुपारी वारला. दहा मे रोजी वारला त्याचं नाव कुणालाच ठाऊक नाही.