हलगी न वाजवणारं घर

टँकर आला की गाव धावायचं. त्या दिवशी घागर भरून मी वळले, तर समोर कॅमेरा! त्यामागचा उंच तरुण अजिजीनं म्हणाला,

"मॅडम, परत एकदा भरता का... फोकस चुकला."

"दुसरी घागर मिळत न्हाई इथं."

"मग... नुसतं परत वळा?"

मला हसू आलं. अन् मी वळलेही.

तो बसवंत, उदगीरचा. लातूर जिल्हा नुकताच वेगळा झाला होता. तिथल्या गावांच्या परंपरांवर तो माहितीपट करत होता. मी पंचशीला, गावच्या शाळेत शिक्षिका, म्हणून त्याला वाटा दाखवायचं काम माझ्याकडे आलं. करपलेल्या रानातून चालताना तो सारखा मागं वळून माझ्याकडं बघायचा.

"वाट पुढं हाय."

"माहीत आहे..." म्हणायचा, अन् ठेचकाळायचा.

एका सकाळी तो आमच्या घरी आला. माझ्या वडिलांना, ग्यानोबांना, म्हणाला, "काका, तुमच्या घरात हलगी लई नामी वाजायची म्हणतात. कॅमेऱ्यासमोर थोडी वाजवता?"

बाबांनी मान फिरवली. मला राहवलं नाही.

"छप्पन साली आजोबांनी बौद्ध धम्माची दीक्षा घेतली अन् हलगी खाली ठेवली. कुणाच्या दारात हुकमानं वाजवायची न्हाई म्हणून. गावानं काम द्यायचं बंद केलं, तरी उचलली न्हाई. परंपरा पाहिजे ना तुम्हाला? आमच्या घरची ही हाय!"

त्याचा चेहरा उतरला. तो बाबांपुढं जमिनीवरच बसला.

"चुकलो, काका. हेच सांगाल कॅमेऱ्यासमोर? अन्... तुम्ही काय गाता?"

बाबांनी सगळं सांगितलं. मग पेटी ओढून बाबासाहेबांवर स्वतः रचलेलं गाणं म्हटलं. मी साथ धरली. गाणं संपलं तेव्हा बसवंत डोळे पुसत होता. मी बघितलं... अन् न बघितल्यासारखं केलं.

उन्हाळा सरताना शाळेच्या मैदानात पडदा लागला. सारा गाव एकाच सतरंजीवर! पडद्यावर बाबा बोलू लागले, तशी मागची कुजबुज थांबली. गाणं संपताच सरपंच व्यंकटराव उभे राहिले, टाळ्या वाजवत. मग सगळेच उठले. बाबा तेवढे बसून होते, ताठ, डोळ्यांत पाणी घेऊन.

बसवंत त्यांच्यापुढं आला.

"काका, घरी सांगून आलोय. आई बोलत न्हाई, वडिलांनी दार लावून घेतलं. तरी मी... पंचशीलाला मागणी घालतो."



"मला काय इचारतोस?" बाबा म्हणाले. "शिकलेली हाय ती. तिला इचार."

तो माझ्याकडे वळला. रिकामे हात कुठं ठेवावेत, त्याला कळेना.

"नोकरी सोडणार न्हाई मी," मी म्हणाले.

"नको सोडू."

"लग्नात नाव बदलणार न्हाई. पंचशीलाच राहीन."

"तेच नाव तर घेत आलोय... वाटभर."

"मग व्हय!" मी म्हणाले, साऱ्या गावाला ऐकू जाईल असं.