उतावळीतले बावीस दिवस

"ओ बैलवाले! आत जाऊ नका, उतावळी उतरलीया!" मी टेकाडावरून ओरडले.

पण ऐकेल तो माणूस कसला! खांद्यावर कासरा, पायात एकच चप्पल आणि तोंडी आत पळालेल्या बैलाचा उद्धार... गडी सरळ खोऱ्यात शिरला.

आमच्या धारूरच्या या खोऱ्यात दसरा-दिवाळीच्या मधी एक वारा उतरतो, त्याला उतावळी म्हणतात. बाहेर अर्धा तास जातो तेवढ्यात आत दिवसच्या दिवस सरतात. आणि वारा बसेपर्यंत आत गेलेल्याला बाहेर पडता येत नाही. हा दिसत होता परमुलखातला. उपाशी मेला तर? माझ्या फडक्यात चार भाकरी होत्या. मी शेळ्या टेकाडावर सोडल्या आणि धावले.

आत गेल्यावर मागं घंटी वाजली. वळून बघते तर माझी गाभण शेळी चांदी! गाभण जनावर उतावळीत न्यायचं नाही, हा आम्हा शेळ्या राखणाऱ्यांचा कडक नेम. घाईत तिला बांधायचंच विसरले होते. आता माझे वडील, आबा, चामडी लोळवणार.

"कावून पाठी आलाव?" बैलवाला बैल धरून उभा होता. "माझा ट्रक अर्ध्या घंट्यात निघायलाय. ऊसतोडीला."

"मंग बसा निवांत. इथला म्हैना हाय तुमाला."

त्याला पटेना. मी वर बोट दाखवलं. घार आभाळात टांगल्यासारखी थांबली होती. ऊन हलत नव्हतं. बैलवाल्यानं कासरा बाभळीला बांधला.

त्याचं नाव अभिमन्यू, गाव आष्टीकडचं.

रात्र होतच नव्हती, म्हणून झोपा मोजायच्या. झऱ्याच्या अल्याड मी, पल्याड तो. दोन झोपांत भाकरी संपल्या, मग सीताफळं. त्यावरून रोज भांडण!

"पिकलेलं तुमी घेतलं!"

"तुमाला गोड कशाला लागतंय? तोंड आधीच..."

"आधीच काय?"

"...तिखट हाय, म्हनलं."

मी तोंड फिरवून बसायचे. पण थोड्या वेळानं पल्याडून आवाज यायचाच – "सत्यभामा... ये सत्यभामा... हे बघ, ह्ये लई मोठं घावलं." मला हसू यायचं. मेल्याला ते दिसायचंही.

चौथ्या झोपेनंतर चांदी अडली. मला एकटीला जमेना. त्यानं बाह्या सारल्या, करडू ओढून काढलं आणि हंगामासाठी घेतलेल्या नव्याकोऱ्या टॉवेलनं पुसलं. मग तो टॉवेल माझ्याकडं बघत घडी करायला लागला, घाणेरडा तसाच. त्या घटकेला माझ्या काळजात काहीतरी हललं ते हललंच. पुढं झोप लागेना.

दहाव्या झोपेला मी सांगून टाकलं, "उद्या मला बघायला धर्मापुरीचे पाव्हणे येनार हायती. आबांनी निम्मं ठरवलंयच."

तो चपापला. "उद्या म्हंजी... इथला का तिथला?"

"तिथला."

"मंग लई लांब हाय." त्यानं गवताची काडी मोडली. "सत्यभामा, एक बोलायचं होतं..."

"बोला की!"

"बोलतो... येळ हाय की अजून."

असा राग आला मला! बारा झोपा तो 'बोलतो' म्हणत राहिला. आणि मी तरी काय केलं? करडाला मांडीवर घेऊन वाट बघत बसले. येळ हाय, येळ हाय... जीव नुसता टांगणीला.

एकदम घार हलली. फाट्यावरून ट्रकचा हॉर्न आला. वारा बसला होता! आम्ही पळत सुटलो – तो, बैल, मी, चांदी आणि मागं उड्या मारत करडू.

खोऱ्याच्या तोंडाशी आबा उभे! त्यांनी त्याची वाढलेली दाढी पाहिली, मला पाहिलं आणि करडू उचललं. त्याच्या कपाळावर अंगठा फिरवून शिंगाची गाठ चाचपली. करडाचे दिवस आबा असेच सांगतात.

"अठरा दिसाचं हाय," ते म्हणाले. "चांदीला व्यायला चार दिस बाकी व्हते. बावीस दिस बसलीस आत, ह्या गड्यासंगं?"

हॉर्न पुन्हा वाजला. कुणीतरी त्याच्या नावानं शंख करत होतं. अभिमन्यूनं ट्रककडं पाहिलं, माझ्याकडं पाहिलं आणि एका दमात म्हणाला, "आबा, मला तुमची सत्यभामा पायजे. ती न्हाई म्हनली तर जातो. पर उद्याच्या पाव्हण्यांना हो म्हनू नका!"

बावीस दिवसांत न सुटलेलं तोंड आत्ता सुटलं होय! मला रडू आलं आणि हसूही.

"काय गं?" आबांनी विचारलं. "भांडला का आत?"

"रोज."

"मंग?"

"रोज त्योच आधी बोलायला आला, आबा. मला ह्योच पायजे."

आबांनी करडू खाली ठेवलं. "तुझ्या आयसंगं भांडल्यावर आधी बोलायला जानं मला अजून जमंना," ते पुटपुटले. मग त्याला म्हणाले, "हंगाम सरल्यावर गुढीपाडव्याला बापाला घिऊन ये. धर्मापुरीला मी निरोप धाडतो. अन् पळ की आता, ट्रक चालला!"

तो बैल ओढत पळाला. त्यानं करडाच्या गळ्यात बांधलेला टॉवेल तसाच राहिला.

पाडवा सहा महिन्यांवर आहे. आज सकाळी उतावळी परत उतरली, तेव्हा मी सगळ्या शेळ्या हाकलत पार पलीकडच्या माळावर नेल्या. बाहेरचाच एकेक दिवस जाता जात नाही, त्यात आणखी वाढवून कोण घेणार बाई!