अनंतभावजींचा काजू

आम्ही तिघे शिरगावजवळच्या डोंगरावर निघालो ते एका काजूच्या झाडासाठी. अनंतभावजींनी, म्हणजे माझ्या चंद्रावतीअक्काच्या नवऱ्याने, लावलेलं ते शेवटचं झाड. बाकीची बाग खाणीने गिळली होती आणि दिवाळीनंतर भावजीही गेले. त्यांच्या झाडाची बी इब्रामपूरच्या नव्या घरामागे रुजवायची, एवढंच अक्काला हवं होतं. खाणीची यंत्रं झाडापर्यंत पोहोचायला आठवडाही लागणार नव्हता.

वाट दाखवायला भावजींचा जुना सोबती बाबली होता. वाट कसली! जुनी पायवाट केव्हाच खड्ड्यात गेली होती. करवंदीच्या जाळीतून अंग ओरबाडून घेत वर आलो, तर पुढे खाणीतल्या टाकाऊ मातीचा उभा ढीग. पाय रोवला की घसरत होता. मी तोंडावर आपटलो. अक्का मात्र काष्टा खोचून चढतच राहिली. तिला थांब म्हणायची माझी छाती नव्हती.

झाड खड्ड्याच्या अगदी काठावर होतं, अर्धी मुळं उघडी पडलेली. फांद्यांवर लालभडक बोंडू लगडले होते, प्रत्येकाच्या टोकाला बी. खाली मात्र एकही नाही. पडलेले सगळे खड्ड्यात गेले होते.

"तोडतंय गे," मी म्हणालो.

"नाय. तेंका झाडावरचो तोडलेलो चलत नसे. रव वायच, आपसूक पडतलो."

आमच्याकडे रीतच तशी. काजूचा बोंडू तोडायचा नाही, पडलेला उचलायचा. बाबलीनेही मान डोलावली. आम्ही बसून राहिलो. वारा सुटला आणि काठाशी एक बोंडू पडला! अक्का झेपावली. तिच्या पायाखालून भेग पळाली.

"अक्का, मागे!"

बाबलीने तिचा दंड धरला. मी त्याची कंबर. माती सुटली. ओढलं. पुन्हा ओढलं! झाड कलंडलं आणि सगळ्या बोंडूंसकट खाली गेलं. धूळ बराच वेळ वर येत राहिली.

अक्काच्या मुठीत नुसती माती होती. बाबली खड्ड्यात उतरायला निघाला, त्याला मी आवरलं. कडा अजून ढासळत होता. तिघेही वाचलो होतो, पण त्याचा आनंद मला झाला नाही, खोटं कशाला सांगू?

ढिगाच्या पायथ्याशी अक्का मटकन बसली आणि रडली. भावजी गेले तेव्हाही ती अशी रडली नव्हती.

"तेंचो शबूद जल्मात कधी मोडूक नाय रे," ती म्हणाली. "आज, तू तोडतंय म्हटलंस तेवा, मोडूक होयो होतो."