गळ्याची शपथ

संघपाल सर चेंडूत हवा भरायचा पंप शोधत खोलीत शिरले, तर आत एक अनोळखी बाई! ओढणी कमरेला बांधून ती कबड्डीच्या मॅटची गुंडाळी भिंतीकडे ढकलत होती.

"ओ मॅडम! माह्या खोलीत काय करून राहिले तुमी?"

"तुमच्या?" तिनं मान वळवली. नाकावर धूळ, डोळ्यांत धमक. "बाहेरची पाटी वाचली नाही का?"

सर बाहेर गेले, वाचून आले. 'समुपदेशन कक्ष'. रंग अजून ओला होता.

"पाटी खरी हाये. पण सामान माह्यं हाये."

"मग घेऊन जा."

"नेऊ कुठी? शाळेत दुसरी खोली असती, तर तुमाले ही काहून दिली असती?"

त्यावर ती हसली... आणि झालं! सात-आठ वर्षं अकोल्याच्या या शाळेच्या मैदानावर शिट्टी फुंकून दुसऱ्यांना बाद देणारा गडी त्या हसण्यावर स्वतःच बाद झाला. त्याला ते कळलं मात्र नाही. पुरुषांना अशा गोष्टी उशिराच कळतात.

या नव्या समुपदेशक माया मॅडम अमरावतीजवळच्या भातकुलीच्या. शाळेत एकदम शुद्ध बोलायच्या, पण राग आला की थेट भातकुली बाहेर यायची. सामान काही हललं नाही, आणि ते फार बरं झालं. कारण पहिला आठवडाभर त्या खोलीत एक लेकरू फिरकलं नाही. 'मेंटलच्या खोलीत' कोण जाणार? वर्गांच्या सगळ्या खिडक्या त्या दाराकडेच उघडायच्या. मग मॅडमनीच डोकं चालवलं.

"सर, चेंडू, दोऱ्या, सगळं इथंच राहू द्या. मैदानावरून पोरांना सामान आणायला पाठवत जा. चेंडू न्यायला आलेलं पोर पाच मिनिटं बसलं, तर कोण काय म्हणणार?"

तेव्हापासून पोरं येऊ लागली. कोण चेंडूसाठी आलं आणि कोण रडायला, हे कोणी कोणाला विचारायचं नाही, असं ठरूनच गेलं. प्रत्येक पोराला मॅडम आधी एकच गोष्ट सांगायच्या, "इथलं बोलणं बाहेर जाणार नाही. फक्त जिवावरचं असेल, तर मी सांगणार. आणि तुला सांगूनच सांगणार."

पोरांपेक्षा जास्त फेऱ्या सरांच्याच होऊ लागल्या, हे वेगळं सांगायला नको. शाळेतले सगळे चेंडू दगडासारखे टणक झाले, तरी यांचं पंप नेणं संपेना.

"आज पुन्हा हवा गेली वाटतं?" मॅडम वर न बघता विचारायच्या.

"चेंडूची नाही... माह्यी."

"मग पंप चुकीचा नेताय."

"तुमच्या अमरावतीचा दह्यातला गिला वडा खाल्ला की येईन म्हणतात हवा. पण कोनी नेलं तर..."

"कोनी न्यायला तुम्ही काय लहान लेकरू आहात?" असं म्हणताना मॅडमचे कान लाल व्हायचे. मग सर पंप तिथंच विसरून जायचे.

पोरं सगळं बघायची आणि गालात हसायची. त्यात जमुना पहिली. बारावी सायन्सची पोरगी, खो-खोची कप्तान, पायात नुसता वारा. बाप देवराव मॅडमच्याच भातकुलीचा, एसटीत कंडक्टर, अमरावती-अकोला गाडीवर. पोरगी डॉक्टरकीच्या परीक्षेच्या शिकवणीसाठी अकोल्यात वसतिगृहात राहायची. बापाची गाडी स्टँडवर लागली की हा माणूस खाकी वर्दीत डबा घेऊन फाटकापर्यंत यायचा, "कशी चालली डॉक्टरीणबाई?" असं विचारून पळत परत जायचा. सगळ्या वसतिगृहाला त्या बापाचा हेवा वाटे.

जानेवारीतली गोष्ट. थंडी पडली होती, सराव संपवून पोरं पांगली होती. जमुना तेवढी खांबाला टेकून बसून होती.

"काय गं, घरी... होस्टेलले नाही जायचं?"

"सर," ती जमिनीकडे बघत म्हणाली, "मले झोप येत नाही. पुस्तक उघडलं की अक्षरं नुसती पळतात. टेस्टमध्ये खाली जाऊन राहिली मी. बाबा डबा देतात ना... तो उघडायची हिंमत नाही होत. कधी कधी वाटते, आपण नसलेलंच बरं."

सरांनी हातातली शिट्टी खिशात टाकली. "वेडी हाये का तू? चल, आत्ताच्या आत्ता मॅडमकडे चल."

"नाही!" ती ताडकन उठली. दोन बोटांत गळ्याची कातडी धरली. "माह्या गळ्याची शपथ हाये तुमाले! कोनाले सांगाचं नाही. मॅडमले नाही, बाबाले तर नाहीच. सांगितलं तर मी मेली समजा."

आणि ती गेली. सर तिथंच उभे.

आता बघा, संघपालच्या घरात शपथ, नवस, उतारा यांना थारा नव्हता. आई इंदूबाई म्हणायची, "आपण हे सारं कवाच सोडलं, बाबू." सर स्वतः पोरांना अंधश्रद्धेवर भाषण ठोकायचे. पण बापा, भाषण वेगळं आणि पोरीनं स्वतःचा गळा धरून घातलेली शपथ वेगळी! सांगितलं आणि खरंच तिनं काही केलं तर? आपल्या तोंडानं आपण तिला मारलं, असंच झालं की. आणि नाही सांगितलं तर? या दोन्हींच्या मध्ये माणूस अडकित्त्यातल्या सुपारीसारखा सापडला.

त्यानं मग एक मूर्खपणा केला. ठरवलं की मीच लक्ष ठेवतो. जमुनाला रोज मैदानावर बोलवायचं, लहान पोरींना शिकवायला लावायचं, शिकवणीच्या वाटेवर मागं मागं सायकल हाणायची, वसतिगृहाच्या फाटकासमोर चहाच्या टपरीवर बसून खिडकीतला दिवा बघत राहायचं. घास उतरेना. हसणं गेलं, पंपही गेला.

मॅडमच्या ते लक्षात आलं नसतं तरच नवल. त्यांनी एकदा वाटेत गाठलं.

"सर, खोलीत येणं बंद केलंत. माझं काही चुकलं का?"

"नाही वो..."

"मग? कोणी... दुसरी खोली सापडली?" त्या हसून म्हणाल्या.

किती सोपं होतं तेव्हा सांगणं! शब्द अगदी ओठांवर आले. डोळ्यांपुढं ती दोन बोटं आली, गळ्याची ओढलेली कातडी आली... "कामं हायेत," एवढंच म्हणून सर निघून गेले. मॅडम तिथंच ओढणीचं टोक पिळत उभ्या राहिल्या. त्यांना काय वाटलं असेल, तुम्हीच समजा.

शुक्रवारी मात्र चमत्कार झाला. जमुना मैदानावर आली ती हसत! लहान पोरींच्या गालाला हात लावला, सगळ्यांशी गोड बोलली, आणि जिल्ह्याची ट्रॉफी जिंकलेले आपले बूट सातवीतल्या एका पोरीला देऊन टाकले. "मले आता काय करायचे?" म्हणाली. जाताना सरांकडे आली. "सर, तुमी लय चांगले हा. माह्यासाठी लय केलं तुमी." वाकून पाया पडली.

सरांच्या छातीवरचा धोंडा उतरला. पोरगी सावरली! ते पळतच खोलीत शिरले.

"मॅडम, द्या पंप! आज लय खुश हावो आपण."

"का हो?" मॅडमचा चेहराही खुलला, लपवता लपवेना.

"अवं, आपली जमुना! मधी जराशी उदास होती. आज पाहा, हसून राहिली, सगळ्यांशी गोड बोलून राहिली. आपले खो-खोचे बूट देऊन टाकले! माह्या पाया पडली."

मॅडमच्या चेहऱ्यावरचा रंग उतरला. हातातला पेन खाली ठेवला.

"बूट देऊन टाकले?"

"हो... काहून?"

"सर, मधी उदास म्हणजे किती उदास? काय म्हणाली होती ती तुम्हाला?"

"काही नाही..."

"माह्याकडे पाहा!" भातकुली बाहेर आली. "इतके दिवस कोनाच्या मागं सायकल फिरवून राहिले होते तुमी? मले वाटलं... जाऊ द्या मले काय वाटलं ते. काय म्हणाली पोरगी?"

"मले शपथ हाये, माया." मॅडम म्हणायचंही राहून गेलं. "तिच्या गळ्याची. सांगितलं तर ती मरन म्हणाली."

"अन् नाही सांगितलं तर?"

बाहेर पोरींचा 'खो' ऐकू येत होता.

"पोरगं फार दिवस तळमळतं," मॅडम हळू आवाजात म्हणाल्या, "अन् एक दिवस एकदम शांत होते. हसते, वस्तू वाटते, निरोप घेते. आपल्याले वाटते, बरं झालं. कधी कधी ते बरं होणं नसते, सर... मनाशी काही ठरवून झालेलं असते."

आणि संघपालनं सांगितलं. सगळं, अगदी अक्षरन् अक्षर. बोलताना तो रडत होता, आणि एकेक शब्दागणिक त्याला वाटत होतं, आपण त्या पोरीचा गळा दाबतोय.

मॅडमनी एवढंच म्हटलं, "तुमच्यावर मी मागाहून चिडीन, अशी चिडीन की पाहा. आता माह्यी स्कुटी काढा."

वसतिगृहापर्यंतचा रस्ता कसा कापला, ते त्या दोघांना आजही सांगता यायचं नाही. मागं बसलेल्या मायानं त्याच्या खांद्याला धरलेलं होतं, घट्ट. एरवी या स्पर्शासाठी त्यानं जन्म ओवाळून टाकला असता. आज त्याला त्याचं भानही नव्हतं. जाता जाता तिनं आधी वसतिगृहाच्या बाईंना फोन केला, पोरीला एकटीला सोडू नका म्हणून, आणि मग देवरावला.

जमुना खोलीतच होती. सगळं सामान घडी घालून ठेवलेलं, टेबल लख्ख. बाई दारात बसलेल्या. मॅडमच्या मागं सर दिसले, आणि जमुनाचं तोंड पांढरं पडलं.

"सांगितलं तुमी," ती म्हणाली. "सर, तुमी सांगितलं!"

"हो," सर म्हणाले.

"माह्या डोळ्यापुढून जा."

दार लागलं. सर बाहेर जिन्यावर बसले. आतून मॅडमचा सरळ, मऊ प्रश्न ऐकू आला – "जमुना, जीव द्यायचा विचार येतोय का तुला?" सरांनी कान झाकून घेतले. इतकं उघड विचारतात का कोणी? पण तेवढ्यात आतून असा हंबरडा फुटला, की बांध फुटावा. पोरगी रडत होती, बोलत होती, बोलतच होती.

दिवेलागणीला देवराव आला. वर्दीतच, खांद्याला तिकिटाचं यंत्र तसंच लटकलेलं. जिन्यावरच्या सरांना ओलांडून आत गेला, आणि लेकीपुढं उभा राहिला. म्हणाला, "डॉक्टरीणबाई म्हनत होतो वं तुले लाडानं... तुले ओझं होत होतं, तर सांगाचं होतं ना, माय." त्यानं तिला पोटाशी घेतलं आणि पुष्कळ वेळ सोडलंच नाही. त्या रात्री पोरगी एकटी राहिली नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी मॅडम तिला आणि बापाला घेऊन सरकारी दवाखान्यात मानसोपचाराच्या डॉक्टरीणबाईंकडे गेल्या. मग जमुना घरी गेली, भातकुलीला. औषध सुरू झालं. परीक्षेचं पुढं बघू, असं मुख्याध्यापकांनी स्वतः लिहून दिलं.

आणि मॅडम चिडल्या, म्हटल्याप्रमाणं! "इतके दिवस, सर? इतके दिवस एकट्यानं? तुमाले काय वाटलं, सायकलनं पोरगी वाचते?" सरांनी मान खाली घालून ऐकलं. त्यांना वाटलं, पोरगीही गेली हातची आणि हीसुद्धा. त्यांनी चेंडू स्वतःच्या घरी नेऊन ठेवायचं ठरवलं. मॅडमनी ते काही होऊ दिलं नाही, पण आपणहून बोलल्याही नाहीत.

मार्च उजाडला. ऊन तापू लागलं. एका शनिवारी मॅडम दारात उभ्या राहून म्हणाल्या, "उद्या भातकुलीला चला. जमुनानं बोलावलंय."

देवरावच्या अंगणात जमुना खाटेवर बसून चिंचा फोडत होती. जरा भरली होती. सर उभेच राहिले.

"मी तुमच्यावर अजून रागावलेली हावो," ती म्हणाली.

"राग धर. हक्क हाये तुहा."

"तुमी शपथ मोडली."

"मोडली."

"सर..." तिनं वर पाहिलं, आणि तिचे डोळे भरून आले, हसूही फुटलं. "तुमी शपथ मोडली, अन् मले काहीच नाही झालं. पाहा ना. मी हावोच."

सरांना पुढचं दिसेना. ते खाटेच्या कडेला टेकले आणि लहान लेकरासारखे रडले. देवरावनं पाणी आणून दिलं.

परतताना मॅडमनी त्यांना अमरावतीत आडवळणाच्या एका हातगाडीवर नेलं. गिला वडा समोर आला. कोणी हात लावीना.

"माया... मॅडम," संघपाल म्हणाला, "एक इचारू? पण... जमलं नाही तरी आपल्या दोघातच राहू द्या. कोनाले सांगू नका."

"नाही जमणार."

त्याचा चेहरा पडला. "बरं..."

"अवं, पूर्ण ऐका तरी! कोनाले न सांगणं जमणार नाही म्हणते मी." माया वड्यावर दही पसरवत राहिली, कान लालेलाल. "मी आईले कवाचंच सांगून टाकलं."

"काय... काय सांगितलं?"

"की एक सर हाये. घातलेली शपथ पाळता नाही आली त्याले. रडत रडत मोडली." तिनं मान वर केली, आणि आता तिच्या डोळ्यांत पाणी होतं. "अन् मी म्हटलं, आई, मले हाच माणूस पायजे."