सुटताना ‘येतो’ म्हणू नये

बसा. दिवा जरा अलीकडे ओढा. ही आत स्वयंपाकघरात आहे, म्हणून हळू बोलतो. तिला यातलं काहीच ठाऊक नाही.

हे घडलं त्या दिवशी सकाळी मी इस्त्रीवाल्याकडे माझा जुना गणवेश आणायला गेलो होतो. तुरुंगाच्या मुख्य दरवाज्यावर शिपाई म्हणून एकतीस वर्षं काढली. निवृत्त झाल्यावर गणवेश ट्रंकेत गेला तो गेलाच. तो पुन्हा बाहेर निघाला आमच्या चिरंजीवांमुळे. एकुलता एक मुलगा. दहा वर्षं निर्मात्यांचे उंबरे झिजवल्यावर त्याला पहिल्यांदा मोठं काम मिळालं होतं, फाशीच्या कैद्याचं. आणि चित्रीकरण कुठं, तर माझा जन्म जिथं गेला त्याच तुरुंगात. कैदी नव्या इमारतीत हलवल्यापासून तो ओसाड पडला होता.

दिग्दर्शकानं मलाही कामाला लावलं. कैद्याची चालरीत पोराला शिकवायची, आणि एका प्रसंगात कोठडीचं दार उघडणारा शिपाई म्हणून उभं राहायचं. मी म्हटलं, एकतीस वर्षं हेच केलंय, त्यात अभिनय तो काय करायचा!

खरं सांगतो, तयारीचे ते दोन महिने फार सुखाचे गेले. पोरानं नोकरी धरली नाही म्हणून दहा वर्षं आमचं बोलणं म्हणजे नुसते टोमणे. आता तोच मला विचारायचा, “बाबा, असं बसू का? मान एवढी खाली चालेल?” मी शिकवायचो. ताटाभोवती हाताचं कुंपण कसं घालतात, कुणी हाक मारली तर आधी उभं कसं राहतात. आणि कैदी दाराला हात लावत नाही. दार समोर आलं की थांबतो, कुणीतरी उघडेल म्हणून. लांबची शिक्षा काढलेला माणूस सुटून घरी गेला तरी न्हाणीघराच्या दारापुढं उभा राहतो. पोरगं हे सगळं वहीत लिहून घ्यायचं. शाळेत असताना एवढा अभ्यास केला असता तर!

एक गोष्ट मात्र मी त्याला सांगितली नाही. आपण घरातून निघताना ‘जातो’ म्हणत नाही, अशुभ वाटतं. ‘येतो’ म्हणतो. तुरुंगाच्या दरवाज्यावर नेमकं उलटं असतं. सुटणाऱ्यानं ‘जातो’ म्हणायचं, आणि आपण ‘ये’ किंवा ‘या’ म्हणायचं नाही. गप्प मान हलवायची. मी नोकरीला लागलो त्याच दिवशी जमादारानं बजावलं होतं.

आणि पहिल्याच वर्षी मी चुकलो. शेवटच्या कोठडीत एक मास्तर होते. शाळेत शिकवायचे. रागाच्या भरात सख्ख्या भावाला मारलं आणि चौदा वर्षं भोगली. एवढा सभ्य कैदी मी पाहिला नाही. पाण्याचा तांब्या दिला तरी आभार मानायचे. सुटले त्या सकाळी मोठ्या दरवाज्यातला तो छोटा दिंडी दरवाजा मी उघडला, ते वाकून बाहेर पडले, वळले, हात जोडले आणि म्हणाले, “येतो, साहेब.” मी वहीत वेळ लिहीत होतो. न बघता म्हणून गेलो, “या.”

थोड्याच वेळात पुढच्या वळणावर ते ट्रकखाली गेले. संध्याकाळी कैदी आत घेऊन कुलपं लावण्याच्या वेळेला दिंडी दरवाज्यावर टकटक झाली. हळू, अदबीची. मी झरोक्यातून पाहिलं. रस्ता रिकामा. तरी जमादारानं माझ्याकडे वळून पाहिलं, ‘या’ म्हणालास ना, अशा नजरेनं. त्यानंतर त्या कोठडीत कुणी टिकेना. जो तो सांगायचा, दाराशी कुणीतरी बसलेलं असतं, त्रास देत नाही, नुसती वाट बघतं. शेवटी तिथं केरसुण्या आणि बादल्या ठेवायला लागलो.

दिग्दर्शकानं नेमकी तीच कोठडी निवडली. म्हणे तिथं दुपारचं ऊन छान उतरतं.

मोठा प्रसंग होता तो. फाशीला नेताना कैदी दारात थबकतो, वळून रिकाम्या कोठडीकडे बघतो आणि म्हणतो, ‘येतो.’ मी दिग्दर्शकाला बाजूला घेतलं. म्हटलं, बाबा रे, दुसरं काहीही म्हणू दे, हा शब्द इथं नको. तो हसला. म्हणाला, काका, या एका शब्दावर प्रेक्षक रडणार आहेत, आणि तुमच्यासारखा कडक शिपाई शब्दाला घाबरतो होय? मग पोरगं माझ्याजवळ आलं. “बाबा, नका ना... एवढं एक काम नीट होऊ द्या.”

मास्तरांची गोष्ट अगदी ओठांवर आली होती. पण दहा वर्षं मीच त्याच्या आड आलो होतो. पुन्हा आडवं यायला जीभ उचलेना. मी गणवेशाची बटणं लावली आणि दाराशी जाऊन उभा राहिलो.

कोठडीला ओल आणि जुन्या चुन्याचा वास येत होता. बादल्या काढल्या होत्या तरी फिनेलचा उग्र दर्प राहिलाच होता. सगळे चिडीचूप. मी कडी सरकवली. पोरगं बाहेर आलं, माझ्या खांद्याला खांदा लागला, आणि ते वळलं. “येतो,” म्हणालं. कैद्याच्या आवाजात नव्हे. शाळेचं दप्तर पाठीला लावल्यापासून घरातून निघताना ज्या आवाजात म्हणतं, अगदी त्या आवाजात.

आणि मी म्हणालो, “ये.”

संहितेत नव्हतं. कुणी सांगितलं नव्हतं. पंचवीस वर्षांची सवय हो, तोंडून निघून गेलं. कोठडीत, जमिनीशी, गुडघे मोडल्याचा आवाज आला... खूप वेळ बसलेला माणूस उठताना येतो तसा. आवाज टिपणारा पोरगा, त्याला आम्ही सगळे कानवाला म्हणायचो, त्यानं कानावरचं यंत्र उचललं आणि आत पाहिलं. आत कुणी नव्हतं. माझ्या मानेवरून गार काहीतरी सरकलं. दिग्दर्शक टाळ्या वाजवत होता. म्हणाला, काका, तुमचं ते ‘ये’ ठेवणार मी!

घरी आलो तर दार नुसतं लोटलेलं होतं. पोरगं त्यापुढं उभं राहिलं. हिनं उघडलं आणि हसली, राजेसाहेबांना आता दार उघडून द्यायला हवं म्हणाली. त्यानं खाली मान घालून ताटातला कणही न टाकता जेवण केलं. भूमिका अंगात भिनली असेल, असं आम्हाला वाटलं. पुढचे चार दिवस असेच. मित्रांकडे जाणं नाही, मोबाईलला हात नाही. वर्तमानपत्र मात्र ओळीखाली बोट फिरवत पहिल्यापासून शेवटपर्यंत. ही तर हरखून गेली. दृष्ट काढते की काय असं वाटायला लागलं.

पाचव्या दिवशी मी हात धुऊन पंचा शोधत होतो. त्यानं तो पुढं केला. “घ्या, साहेब.”

माझे हात तसेच ओले राहिले. ही शेजारी गेली होती. मी दार लावलं आणि विचारलं, “माझा मुलगा कुठं आहे?”

त्यानं खोटं सांगितलं नाही. “साहेब... कुणी बोलावल्याशिवाय मला बाहेर पडता येईना. तुम्ही ‘ये’ म्हणालात... पहिल्या वेळी ‘या’ म्हणाला होतात, या वेळी ‘ये’. मी मानपान धरला नाही.”

“मी त्याला म्हणालो.”

“तो आत येतो म्हणाला होता, साहेब. तो आत गेला.”

त्या आवाजात दुष्टपणा औषधालाही नव्हता. मी तसाच तुरुंगात गेलो, राखणदाराला काहीतरी थाप मारून कोठडीत शिरलो आणि घसा बसेपर्यंत हाका मारल्या. ये बाळा, ये रे. मग उलटंही करून पाहिलं, स्वतःच म्हटलं, येतो. पण दाराशी उभं राहून ‘ये’ म्हणायला होतं कोण? घरी येऊन मास्तरांच्या पाया पडलो, फक्त एकदा माझ्याबरोबर चला म्हणून. ते रडले. म्हणाले, दुसरं काहीही मागा साहेब, त्या दाराशी मला नेऊ नका. आणि ते आता माझ्या पोराच्या देहात आहेत, त्याच्या मुस्कटात तरी कशी मारू?

हिला काय सांगू? रोज संध्याकाळी ती त्याच्या केसांना तेल लावते. म्हणते, अहो, पोर किती सुधारलं! मी हो म्हणतो.

आज तुम्ही यायच्या थोडं आधी कानवाल्याचा फोन आला. बिचारा अवघडून बोलत होता. म्हणाला, “काका, तो कोठडीचा प्रसंग आहे ना, त्यात तुमच्या ‘ये’नंतर मागून कुणीतरी ‘बाबा’ म्हणतंय. तेव्हा नव्हतं ते. आधी एकदाच ऐकू आलं, मग लावू तेव्हा वाढतच गेलं... दिग्दर्शक म्हणतात पुसून टाक. टाकू का?”

म्हटलं, “नको. राहू दे.”

“राहू देतो. पण काका... कालपासून ‘बाबा’ थांबलंय. आता ‘आई’ म्हणतंय.”

मी फोन कानाशी घट्ट दाबून धरला. यंत्र चालू असावं, पलीकडून बारीक आवाज येत होता. मास्तर कोपऱ्यात मान खाली घालून बसले होते. ही पदराला हात पुसत आतून आली, माझ्या तोंडाकडे पाहिलं आणि हात पुढं केला.

“कुणाचा फोन आहे? द्या इकडे, मी बोलते.”